मार्क रॉथ्को

मार्क रॉथ्को (जन्म : २५ सप्टेंबर १९०३, द्विन्स्क, मृत्यू : २५ फेब्रुवारी १९७०, न्यूयॉर्क) हे अमूर्त अभिव्यक्तिवादी संप्रदायातील अग्रगण्य अमेरिकन चित्रकार होते. भव्य कॅनव्हासवर एकाखाली एक तरंगणारे, पुसट कडांचे रंगीत आयत ही त्यांच्या चित्रांची ओळख होय. स्वतः रॉथ्को यांना मात्र 'अमूर्त चित्रकार' हे वर्णन मान्य नव्हते. मानवी शोक, आनंद व विनाश हाच आपला विषय आहे, अशी त्यांची भूमिका होती. आपली चित्रे केवळ शोभेची वस्तू ठरू नयेत, ही चिंता त्यांच्या उत्तरायुष्यातील अनेक निर्णयांमागे दिसते.

प्रारंभीचे जीवन

त्यांचे मूळ नाव मार्कस रॉथ्कोविट्झ. द्विन्स्क तेव्हा रशियन साम्राज्यात होते. आज ते लाटव्हियातील दौगाव्हपिल्स होय. वडील जेकब हे औषधविक्रेते होते. ज्यूधर्मीय असलेल्या या कुटुंबातील वडील व थोरले भाऊ आधी अमेरिकेत गेले आणि १९१३ मध्ये आई व बहिणीसह मार्कस ओरेगन राज्यातील पोर्टलंड येथे पोहोचले. काही महिन्यांतच वडिलांचे निधन झाले. शिष्यवृत्तीवर १९२१ मध्ये त्यांनी येल विद्यापीठात प्रवेश घेतला. परंतु ती पुढे चालू न राहिल्याने पदवी न घेताच १९२३ मध्ये ते न्यूयॉर्कला आले. तेथे आर्ट स्टुडंट्स लीगमध्ये मॅक्स वेबर यांचे मार्गदर्शन त्यांना लाभले. १९२९ पासून वीस वर्षांहून अधिक काळ ब्रुकलिनमध्ये लहान मुलांना चित्रकला शिकवून त्यांनी चरितार्थ चालविला. १९३८ मध्ये त्यांना अमेरिकेचे नागरिकत्व मिळाले. १९४० पासून ते 'मार्क रॉथ्को' हे नाव वापरू लागले.

शैली

भुयारी रेल्वेच्या स्थानकांतील एकाकी माणसे, पुढे ग्रीक पुराणकथा व अतिवास्तववाद असा प्रवास करीत १९४६ च्या सुमारास त्यांच्या चित्रांतील आकृती विरघळू लागल्या आणि १९५० पर्यंत त्यांची परिचित शैली सिद्ध झाली. रंगांचे अनेक पातळ थर एकावर एक देत असल्याने आतून प्रकाश झिरपल्याचा भास होतो. छापील प्रतिकृतींत हा परिणाम जवळजवळ नाहीसा होतो. चित्रे खाली टांगावीत, प्रकाश मंद असावा व प्रेक्षकाने जवळ उभे राहावे, असा त्यांचा आग्रह असे. भारतीय चित्रकार वासुदेव गायतोंडे यांच्या चित्रांची तुलना समीक्षक अनेकदा रॉथ्को यांच्याशी करतात.

सीग्रॅम चित्रमालिका

न्यूयॉर्कच्या सीग्रॅम इमारतीतील 'फोर सीझन्स' या महागड्या उपाहारगृहासाठी चित्रे करण्याचे काम त्यांना १९५८ मध्ये मिळाले. मोबदला सुमारे ३५,००० डॉलर होता. श्रीमंतांविषयी तिटकारा असणाऱ्या रॉथ्को यांनी ते का स्वीकारले, याविषयी आजही मतभेद आहेत. जेवणाऱ्यांना अस्वस्थ करण्याचा हेतू त्यांनी एका परिचितापाशी बोलून दाखविल्याची नोंद आहे. गडद तांबडा, तपकिरी व काळा अशा रंगांत सुमारे तीस चित्रे तयार झाली. फ्लॉरेन्समधील लॉरेन्शियन ग्रंथालयात मायकेलअँजेलोने घडविलेल्या बंद खिडक्यांच्या दालनाचा प्रभाव त्यांवर आहे. इटलीहून परतल्यावर ते पत्नीसह त्या उपाहारगृहात जेवायला गेले. तेथील वातावरण पाहून त्यांनी करार मोडला आणि पैसे परत केले. या प्रसंगावर जॉन लोगन यांचे 'रेड' हे नाटक (२००९) आधारलेले आहे. पुढे नऊ चित्रे त्यांनी लंडनच्या टेट गॅलरीला दिली.

अखेरचा काळ व वारसाखटला

ह्यूस्टन येथील प्रार्थनागृहासाठी डी मेनिल दांपत्याच्या निमंत्रणावरून त्यांनी चौदा काळसर चित्रे केली. १९७१ मधील त्याचे उद्घाटन पाहण्यास ते हयात नव्हते. १९६८ मध्ये महारोहिणीच्या विकाराचे निदान झाल्यावर मोठे कॅनव्हास टाळण्याचा वैद्यकीय सल्ला त्यांना मिळाला आणि ते बहुतांशी कागदावर काम करू लागले. प्रदीर्घ नैराश्यानंतर २५ फेब्रुवारी १९७० रोजी त्यांनी न्यूयॉर्कमधील चित्रशाळेत आत्महत्या केली. टेटला दिलेली चित्रे त्याच दिवशी लंडनला पोहोचली.

त्यांच्या मृत्युपत्राच्या व्यवस्थापकांनी मागे राहिलेल्या ७९८ चित्रांबाबत मार्लबरो गॅलरीशी करार केले. त्यांपैकी शंभर चित्रे अल्प किमतीत विकली गेल्याचे उघड होताच कन्या केट यांनी न्यायालयात धाव घेतली. १९७५ मध्ये न्यायालयाने करार रद्द केले, व्यवस्थापकांना पदावरून दूर केले आणि ९० लाख डॉलरांहून अधिक रक्कम भरण्याचा आदेश दिला. परत मिळालेल्या चित्रांचा निम्मा भाग दोन्ही अपत्यांकडे गेला. उरलेली चित्रे रॉथ्को फाउंडेशनने संग्रहालयांना वाटली. त्यांतील सर्वांत मोठा वाटा वॉशिंग्टनच्या नॅशनल गॅलरी ऑफ आर्टला मिळाला.