माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन

माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन (जन्म : ६ ऑक्टोबर १७७९, मृत्यू : २० नोव्हेंबर १८५९) हे ईस्ट इंडिया कंपनीच्या सेवेतील स्कॉटिश प्रशासक, मुत्सद्दी आणि इतिहासकार होते. पुणे दरबारातील रेसिडेंट (१८११–१८१७), जिंकलेल्या पेशवाई मुलखाचे कमिशनर (१८१८–१८१९) आणि मुंबई इलाख्याचे गव्हर्नर (१८१९–१८२७) या तीन पदांवरून त्यांनी महाराष्ट्राच्या कारभारावर दीर्घकाळ टिकणारा ठसा उमटवला. गावपातळीवरील पोलीस व्यवस्था, पंचायतीद्वारे चालणारा न्याय आणि १८२७ ची कायदेसंहिता ही त्यांच्या कार्याची मुख्य अंगे होत. मुंबईतील पूर्वीचे एल्फिन्स्टन रोड (आताचे प्रभादेवी) हे रेल्वेस्थानक त्यांच्या नावाचे नव्हते. ते त्यांचे पुतणे व १८५३ ते १८६० या काळातील गव्हर्नर लॉर्ड जॉन एल्फिन्स्टन यांच्या नावे होते.

पूर्वायुष्य

स्कॉटलंडमधील एका सरदार घराण्यात, अकराव्या लॉर्ड एल्फिन्स्टन यांचे चौथे पुत्र म्हणून त्यांचा जन्म झाला. वयाच्या सोळाव्या वर्षी, १७९६ मध्ये, ते कंपनीच्या नोकरीत कलकत्त्यास आले. १७९९ मध्ये बनारस येथे वजीर अलीच्या उठावातून ते थोडक्यात बचावले. १८०१ मध्ये त्यांची पुण्याच्या रेसिडेन्सीत साहाय्यक म्हणून नेमणूक झाली आणि मराठी मुलखाशी त्यांचा संबंध जुळला. १८०३ च्या इंग्रज-मराठा युद्धात ते आर्थर वेलस्ली यांच्यासमवेत असईच्या रणांगणावर होते. त्यानंतर नागपूरकर भोसल्यांच्या दरबारी ते रेसिडेंट होते. १८०८ मध्ये अफगाणिस्तानचा शासक शाह शुजा याच्याकडे गेलेल्या वकिलातीचे त्यांनी नेतृत्व केले व त्या देशावरील त्यांचा ग्रंथ १८१५ मध्ये प्रसिद्ध झाला.

पुण्याचे रेसिडेंट

१८११ मध्ये ते पुण्यास रेसिडेंट झाले. १८१५ च्या जुलैमध्ये गायकवाडांचे वकील गंगाधरशास्त्री पटवर्धन यांचा पंढरपूर येथे खून झाला. शास्त्रींच्या सुरक्षिततेची हमी इंग्रजांनी घेतलेली असल्याने एल्फिन्स्टन यांनी चौकशीचा आग्रह धरला आणि पेशव्यांचे कारभारी त्रिंबकजी डेंगळे यांना ताब्यात देण्याची मागणी केली. दुसरे बाजीराव यांनी त्रिंबकजींना नाइलाजाने स्वाधीन केले. त्यांना ठाण्याच्या किल्ल्यात ठेवण्यात आले, परंतु १८१६ मध्ये ते तेथून निसटले. या प्रकरणातून निर्माण झालेल्या तणावाची परिणती जून १८१७ च्या पुणे तहात आणि पुढे ५ नोव्हेंबर १८१७ च्या खडकीच्या लढाईत झाली. त्या दिवशी संगमावरील रेसिडेन्सी जाळली गेली आणि एल्फिन्स्टन यांचा ग्रंथसंग्रह नष्ट झाला.

साताऱ्याचा जाहीरनामा

फेब्रुवारी १८१८ मध्ये साताऱ्याचा किल्ला इंग्रजांच्या हाती आला. त्यानंतर एल्फिन्स्टन यांनी तेथून जाहीरनामा काढून पेशव्यांची सत्ता संपल्याचे घोषित केले. त्याच महिन्यात आष्टीच्या लढाईनंतर छत्रपती प्रतापसिंह हे पेशव्यांच्या पहाऱ्यातून मुक्त झाले. त्यांच्यासाठी साताऱ्याचे स्वतंत्र राज्य राखण्यात आले आणि २५ सप्टेंबर १८१९ च्या तहाने त्याच्या सीमा ठरल्या. नीरा-भीमेपासून कृष्णा-वारणेपर्यंतच्या या मुलखात आजच्या कोरेगाव तालुक्यातील रहिमतपूरचाही समावेश होता. या राज्याची प्रारंभीची घडी कॅप्टन जेम्स ग्रँट डफ यांनी बसवली. १८२२ मध्ये कारभाराचे पूर्ण अधिकार प्रतापसिंहांकडे आले. त्यामुळे इंग्रजी जिल्ह्यांत नवे कायदे लागू होत असताना साताऱ्याच्या मुलखात छत्रपतींचा अंमल होता. १८४८ मध्ये राज्य खालसा झाल्यावर हा प्रदेश मुंबई सरकारच्या ताब्यात गेला.

उरलेला पेशवाई मुलूख पुणे, अहमदनगर, खानदेश आणि धारवाड अशा विभागांत वाटून प्रत्येकावर एक कलेक्टर नेमण्यात आला. महसूल गोळा करणे, गुन्ह्यांचा तपास आणि फौजदारी न्याय हे अधिकार कलेक्टरांच्या हाती एकवटले. याच काळात पुणे व सातारा येथील युरोपियनांना ठार मारून जुनी सत्ता परत आणण्याचा कट उघडकीस आला. एल्फिन्स्टन यांनी त्यातील म्होरक्यांना तोफेच्या तोंडी दिले. मुंबईच्या गव्हर्नरांनी या कृतीला कायद्याचे संरक्षण मिळवून देण्याची सूचना केली. मात्र, कृती योग्य असेल तर संरक्षणाची गरज नाही आणि अयोग्य असेल तर ते मिळू नये, अशी भूमिका घेऊन एल्फिन्स्टन यांनी ती नाकारली. पुढे कायदेसंहिता घडवणाऱ्या प्रशासकाच्या चरित्रातील हा प्रसंग त्यांच्या टीकाकारांना आणि समर्थकांनाही महत्त्वाचा वाटत आला आहे.

गावाचा बंदोबस्त

ऑक्टोबर १८१९ मध्ये एल्फिन्स्टन यांनी जिंकलेल्या मुलखाविषयीचा अहवाल गव्हर्नर-जनरलना सादर केला. मराठी राज्यातील पोलीस व न्यायव्यवस्थेच्या अभ्यासासाठी तो आजही आधारभूत मानला जातो. या अहवालानुसार गावाच्या बंदोबस्ताची जबाबदारी पाटलावर असे. कुलकर्णी आणि चौगुला त्याला साहाय्य करीत. रात्रीची गस्त, परक्या माणसांवर नजर आणि चोराचा माग ही कामे जागल्याकडे असत. हे काम वंशपरंपरेने महार, मांग, रामोशी किंवा भिल्ल यांच्याकडे चाले. चोराचा माग शेजारच्या गावाच्या शिवेपर्यंत नेऊन पोहोचवला की पुढील जबाबदारी त्या गावावर येई. माल सापडला नाही, तर गावाला नुकसानभरपाई द्यावी लागे. पाटलाच्या वर मामलेदार आणि सरसुभेदार असत. शहरांत कोतवाल बंदोबस्त पाहत असे.

त्या काळच्या इंग्लंडमधील व्यवस्था यापेक्षा फारशी वेगळी नव्हती. १२८५ च्या विंचेस्टर कायद्यानुसार चोर दिसताच हाकाटी करून त्याचा पाठलाग करणे हे सर्व गावकऱ्यांचे कर्तव्य होते. दरोडेखोर न सापडल्यास त्या विभागातील रहिवाशांना भरपाई द्यावी लागे. गावचा कॉन्स्टेबल हा बहुधा वर्षभरासाठी निवडलेला बिनपगारी गावकरी असे आणि तो स्थानिक जमीनदारांतून नेमलेल्या न्यायाधिकाऱ्याच्या हुकमाखाली काम करी. पगारी व गणवेशधारी पोलीस दल लंडनमध्ये रॉबर्ट पील यांच्या १८२९ च्या कायद्याने उभे राहिले. तोपर्यंत एल्फिन्स्टन भारतातून परतले होते. पाटील आणि जागल्या यांच्यावर आधारलेली व्यवस्था त्यांना मागासलेली न वाटण्याचे एक कारण या साम्यात आढळते.

जुनी व्यवस्था शक्य तेवढी टिकवावी आणि बंगालमध्ये लागू केलेले नियम दख्खनवर लादू नयेत, असे त्यांचे मत होते. पाटलाचा अधिकार कमी झाला, तर कोणतेही सरकारी दल गावाची माहिती मिळवू शकणार नाही, असे ते मानीत. तथापि, व्यवहारात हा हेतू पूर्णपणे साध्य झाला नाही. मोजणी, कडक हिशेब आणि कलेक्टर कचेरीची देखरेख यांमुळे पाटलाचे महत्त्व घटत गेले. किल्ल्यांवरील शिबंदी मोडल्याने अनेक रामोशी कुटुंबांची उपजीविका गेली. पूर्वी गावांचे व गडांचे रक्षण करणाऱ्या या समाजातून उमाजी नाईक यांचे बंड उभे राहिले. ३ फेब्रुवारी १८३२ रोजी पुण्यात उमाजी नाईकांना फाशी देण्यात आली. खानदेशात मात्र एल्फिन्स्टन यांच्या गव्हर्नरपदाच्या काळातच, १८२५ मध्ये, जेम्स औट्रम यांच्या नेतृत्वाखाली भिल्लांचेच दल उभारून त्यांच्याकडे बंदोबस्ताचे काम सोपवण्यात आले.

पंचायत आणि न्याय

दिवाणी तंट्यांचा निकाल पंचायतीमार्फत व्हावा, असा एल्फिन्स्टन यांचा आग्रह होता. पंचांचा निर्णय मान्य राहील असा राजीनामा वादी-प्रतिवादींनी लिहून द्यावा, पंचांनी पुरावा ऐकून सारांश तयार करावा आणि सरकारने त्याची अंमलबजावणी करावी, अशी ही पद्धत होती. कर्जवसुलीसाठी ऋणकोच्या दारी बसून तगादा लावण्याची रीतही प्रचलित होती. पंचायतीला साक्षीदार किंवा पंच यांना हजर राहण्यास भाग पाडण्याचा अधिकार नव्हता. पूर्वी हे काम पाटलाचा किंवा सरदाराचा दबदबा करी. नव्या राजवटीत हा दबदबा ओसरला. पंच मोबदल्याविना वेळ देण्यास तयार होईनात आणि लोक न्यायालयाकडे वळू लागले. एल्फिन्स्टन यांच्यानंतरचे कमिशनर विल्यम चॅप्लिन यांनी १८२२ च्या अहवालात पंचायतींच्या अडचणींची तपशीलवार नोंद केली आहे.

१८२७ ची कायदेसंहिता

गव्हर्नर झाल्यावर एल्फिन्स्टन यांनी इलाख्यातील विखुरलेले नियम एकत्र करण्यासाठी समिती नेमली. इंग्लंडमधील विचारवंत जेरेमी बेंथम यांच्या ग्रंथांच्या वाचनाचा त्यांच्या विचारांवर प्रभाव होता. कायदा लिखित, सुसंगत आणि सामान्य माणसास कळेल असा असावा, हे त्यामागील तत्त्व होते. १ जानेवारी १८२७ रोजी संमत झालेले हे नियम एल्फिन्स्टन संहिता म्हणून ओळखले जातात.

दिवाणी दाव्यांत प्रथम सरकारी कायदा, तो नसल्यास देशाचा रिवाज, त्यानंतर प्रतिवादीचा धर्मशास्त्रीय कायदा आणि अखेरीस न्याय व सदसद्विवेक असा क्रम चौथ्या नियमाने लावून दिला. रिवाजाला ग्रंथोक्त शास्त्राच्या आधी स्थान देणे हे या नियमाचे वैशिष्ट्य होते. त्यासाठी आर्थर स्टील यांनी दख्खनमधील जातींचे कायदे व चालीरीती यांचे संकलन केले. बाराव्या नियमात पोलिसांची, तसेच गावच्या पाटलाची कर्तव्ये निश्चित करण्यात आली. चौदाव्या नियमाने गुन्हे आणि शिक्षा यांची एकच यादी सर्वांना लागू केली. मेकॉले यांच्या भारतीय दंड संहितेचा मसुदा त्यानंतर दहा वर्षांनी तयार झाला आणि ती संहिता १८६० मध्ये संमत झाली.

मुंबई शहरात मात्र राजाच्या न्यायालयाशी त्यांच्या सरकारचे मतभेद झाले. तेथील मुख्य न्यायाधीश एडवर्ड वेस्ट यांनी पोलीस मॅजिस्ट्रेट रीतसर खटला न चालवता फटक्यांची शिक्षा देतात, याला आक्षेप घेतला होता. पोलिसांवर कायद्याचे नियंत्रण किती असावे, हा प्रश्न या वादामुळे मुंबईत प्रथमच ठळकपणे पुढे आला.

शिक्षणकार्य आणि निवृत्ती

१८२१ मध्ये पुण्यात विश्रामबागवाड्यात संस्कृत पाठशाळा सुरू झाली. मुंबईत मराठी व गुजराती शालेय पुस्तके तयार करणाऱ्या संस्थेला त्यांनी पाठबळ दिले. १८२७ मध्ये ते निवृत्त झाले, तेव्हा नागरिकांनी त्यांच्या नावे जमवलेल्या निधीतून पुढे एल्फिन्स्टन महाविद्यालय आकारास आले. इंग्लंडमध्ये असताना देऊ केलेले गव्हर्नर-जनरलपद त्यांनी स्वीकारले नाही. भारताच्या हिंदू व मुसलमानी राजवटींवरील त्यांचा इतिहासग्रंथ १८४१ मध्ये प्रसिद्ध झाला. ते अविवाहित होते. २० नोव्हेंबर १८५९ रोजी सरे परगण्यातील हूकवुड येथे त्यांचे निधन झाले.

मूल्यमापन

काही अभ्यासक एल्फिन्स्टन यांना देशी संस्थांची कदर करणारा प्रशासक मानतात. इतरांच्या मते, त्यांनी जुन्या संस्थांची नावे राखली, परंतु त्यांना बळ देणारी सत्ता काढून घेतली. दोन्ही मतांना त्यांच्या कारकिर्दीत आधार सापडतो. त्यांच्या संहितेतील बहुतेक नियम १८६० नंतरच्या कायद्यांनी रद्द झाले. १८६७ मध्ये मुंबई इलाख्यासाठी जिल्हा पोलीस आणि ग्रामपोलीस यांचे स्वतंत्र कायदे झाले. गावात गुन्ह्याची पहिली खबर देण्याची जबाबदारी मात्र पाटलाकडेच राहिली. महाराष्ट्र राज्यात वंशपरंपरागत पाटीलकी संपुष्टात आली असली, तरी १९६७ च्या ग्रामपोलीस अधिनियमानुसार नेमलेले पोलीस पाटील आजही हे काम करतात.