हातोडाफेकीचा वीर जॉन फ्लॅनगन

वार्षिक क्रीडासामन्यांच्या दिवशीं वर्तुळाभोंवतीं दाटी करणाऱ्या आपल्या विद्यार्थ्यांस गोळा, थाळी व भाला हीं साधनें परिचयाचीं आहेत; हातोडा मात्र फारच थोड्यांनीं पाहिला असेल. नांव हातोडा असलें तरी लोहाराच्या हातोड्याशीं त्याचें आतां कांहीं साम्य उरलेलें नाहीं. सोळा पौंडांचा धातूचा गोळा, त्यास जोडलेली तार व शेवटीं मूठ, असें तें साधन असतें. सात फूट व्यासाच्या वर्तुळांत गिरक्या घेत तो फेकावयाचा. पाय बाहेर पडला कीं फेक व्यर्थ. या खेळांत लागोपाठ तीन ऑलिंपिक सामने जिंकणारा पुरुष आजवर एकच झाला. तो जन्मानें आयरिश होता, पण तिन्ही वेळां जिंकला तो अमेरिकेच्या नांवावर.

जॉन फ्लॅनगन याचें जन्मगांव लिमरिक परगण्यांतील किलब्रीडी. घर शेतकऱ्याचें. १८४५ सालीं बटाट्याचें पीक कुजून जो भयंकर दुष्काळ पडला, तेव्हांपासून आयर्लंडांतून अमेरिकेकडे लागलेला माणसांचा ओघ पुढें अर्धशतक लोटलें तरी आटला नव्हता. १८९६ सालीं नॉर्थँप्टन येथें इंग्लंडचें अजिंक्यपद मिळवून फ्लॅनगनहि त्याच ओघांत न्यूयॉर्कास गेला, आणि दुसऱ्याच वर्षीं १५० फुटांपलीकडे हातोडा टाकून त्यानें जगाचा उच्चांक आपल्या नांवें केला. एकाऐवजीं दोन व पुढें तीन गिरक्या घेऊन गोळ्यास वेग देण्याची पद्धत रूढ करण्याचें श्रेय जाणते लोक त्यासच देतात. केवळ दंडांतील बळावर हें साधत नाहीं. पावलें चुकलीं तर गोळा फेकणाऱ्यासच ओढून नेतो.

१९०० सालचे पॅरिसचे सामने एका उपवनांतील हिरवळीवर झाले. अमेरिकेच्या चमूंत बहुतेक विश्वविद्यालयांतले तरुण होते. त्यांत शेतकऱ्याच्या या मुलानें १६७ फूट ४ इंच फेक करून पहिला क्रमांक मिळविला. १९०४ सालीं सेंट लुईस येथें तो पुन्हां जिंकला, शिवाय ५६ पौंडांचें वजन फेकण्यांत दुसरा आला.

या सुमारास तो न्यूयॉर्कच्या पोलीसखात्यांत होता. मॅकग्रा, मॅकडॉनल्ड असे धिप्पाड आयरिश पोलीस त्या काळीं वजनफेकीच्या साऱ्या खेळांत पुढें असत व लोक त्यांस कौतुकानें आयरिश देवमासे म्हणत. फ्लॅनगनची उंची सहा फुटांहून कमी असली तरी या मंडळींत तोच ज्येष्ठ होता. त्याचें काम परवाने देणाऱ्या कचेरींत असल्यानें सरावास सवड मिळे.

१९०८ चे लंडनचे सामने मात्र थोडे थांबून पाहण्याजोगे आहेत. आयर्लंड तेव्हां ब्रिटिश राज्याखालीं होतें. त्याचा स्वतंत्र चमू नव्हता. घरीं राहिलेल्या आयरिश खेळाडूस ब्रिटनच्या चमूंतूनच उतरावें लागे. हातोडाफेकीचा निकाल लागला तेव्हां फ्लॅनगन १७० फूट ४ इंचांनीं पहिला, अमेरिकेचाच मॅट मॅकग्रा अडीच फुटांनीं मागें दुसरा, व कॅनडाचा कॉन वॉल्श तिसरा. पहिला लिमरिकचा, दुसरा टिपरेरीचा, तिसरा कॉर्कचा! तिघेहि आयर्लंडांत जन्मलेले, आणि पदकांच्या यादींत आयर्लंडचें नांव कोठेंच नाहीं. परक्या ध्वजाखालीं खेळला म्हणून अशा माणसास दोष देणें सोपें आहे. पण ज्यास स्वतःचा ध्वजच नव्हता त्यानें पोट भरणाऱ्या भूमीसाठीं हातोडा फेकला, यांत मला तरी बेइमानी दिसत नाहीं.

२४ जुलै १९०९ रोजीं न्यू हेवन येथें त्यानें १८४ फूट ४ इंच हा आपला सर्वांत मोठा उच्चांक केला. पुढच्याच वर्षीं त्याची बदली कचेरींतून रस्त्यावरील गस्तीवर झाली. सराव सुटला, मन उतरलें, आणि त्यानें नोकरीच सोडली. १९११ सालीं तो मायदेशीं परतला. त्या वर्षीं स्कॉटलंडविरुद्धच्या सामन्यांत तो आयर्लंडतर्फें उतरला व जिंकला. त्यानंतर त्यानें घरची शेती हातीं घेतली.

पण गोष्ट एवढ्यावर संपली नाहीं. कॉर्क परगण्यांतील पॅट ओ'कॅलहन नांवाचा एक तरुण डॉक्टर हातोडा फेकूं लागला होता. फ्लॅनगननें त्यास आपली विद्या दिली. १९२८ सालीं अॅम्स्टरडॅम येथें ओ'कॅलहननें १६८ फूट ७ इंच फेक करून स्वतंत्र आयर्लंडास पहिलें सुवर्णपदक मिळवून दिलें. गुरूची लंडनमधील फेक त्याहून जवळजवळ दोन फुटांनीं सरस होती, ही नोंद जातां जातां करण्यास हरकत नाहीं. १९३२ सालीं लॉस एंजल्सला शिष्य पुन्हां जिंकला. जून १९३८ मध्यें लिमरिक परगण्यांतच फ्लॅनगनचें निधन झालें.