होडी, कापूस आणि नसलेला हेज: प्रेमचंद रायचंद यांची गोष्ट

ऑप्शन ट्रेडिंगच्या अ‍ॅपवर पैसे घालवलेल्यांपैकी मीही एक आहे. रक्कम सांगत नाही, पण घरी कळू नये एवढी होती. त्यानंतर हेज म्हणजे नक्की काय हे शोधायला बसलो आणि पोचलो थेट १८६० च्या दशकातल्या मुंबईत. मी धुळ्याचा, इंजिनिअरिंग जळगावला केलं. या गोष्टीत आपला खान्देश आहे हे तेव्हा कुणी सांगितलं नव्हतं.

प्रेमचंद रायचंद यांचा जन्म १८३१ चा, सुरतचा. मुंबईत येऊन ते इंग्रजी शिकले आणि शेअर दलाल झाले. इंग्रजी येणारे दलाल तेव्हा अगदी मोजके. त्यामुळे बँकांच्या गोऱ्या साहेबांशी त्यांचं थेट बोलणं व्हायचं.

१८६१ ला अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं. तिथल्या दक्षिणेकडच्या बंदरांची नाकेबंदी झाली आणि इंग्लंडच्या गिरण्यांचा कापूस अडला. मग सगळ्यांची नजर मुंबईकडे. गुजरात, वऱ्हाड आणि खान्देशातून कापूस निघाला, भाव चढतच गेले. जळगाव मोठी कापूस बाजारपेठ झालं ते याच काळात. थळ घाटातली रेल्वे १८६५ ला सुरू झाली. त्याआधी घाटाचा टप्पा रस्त्यानेच पार करावा लागायचा.

आता आपल्या कामाचा भाग. लिव्हरपूलचे भाव तेव्हा आगबोटीने यायचे, कित्येक आठवडे जुने. प्रेमचंद म्हणे छोट्या होड्या पाठवून समुद्रातच आगबोट गाठायचे आणि इतरांआधी भाव मिळवायचे. आज मोठे फंड आपले सर्व्हर एक्स्चेंजच्या सर्व्हरशेजारी ठेवतात, तेही याचसाठी. लेटन्सी कमी करायची, बस.

पण नुसत्या वेगाने एवढा पैसा होत नाही. खरी करामत होती उधारीत. कापसाच्या पैशातून मुंबईत रोज नव्या कंपन्या निघत होत्या. समुद्रात भराव घालणाऱ्या बॅक बे कंपनीचा ५,००० रुपये भरलेला शेअर ५०,००० च्या वर गेला. बँक ऑफ बॉम्बेत प्रेमचंद यांचा शब्द चालायचा, आणि ती बँक शेअर तारण ठेवून कर्ज द्यायची. शेअर गहाण टाका, कर्ज घ्या, त्यातून शेअर घ्या, भाव वाढला की पुन्हा गहाण टाका. कोडिंग करणाऱ्यांना कळेल: ब्रेक कंडिशन नसलेला लूप.

एप्रिल १८६५ मध्ये युद्ध संपत आलं आणि कापूस कोसळला. त्याच वर्षी युरोपशी तार जोडली गेल्याने होडीचा फायदाही संपला. वायद्याचे सौदे पुरे करायची तारीख होती १ जुलै १८६५. पैसे कुणाकडेच नव्हते. बँक ऑफ बॉम्बेचा २,८५० पर्यंत गेलेला शेअर ८७ रुपयांवर आला. १८६६ ला प्रेमचंद दिवाळखोर झाले, पुढे ती बँकही बंद पडली. जळगावला मोठा फटका बसला, पण तिथला व्यापार लवकर सावरला.

हेज असता तर? ही कल्पना फंडात पद्धतशीरपणे आणली अमेरिकेच्या आल्फ्रेड विन्स्लो जोन्स यांनी, १९४९ ला. चांगले वाटणारे शेअर घ्यायचे आणि त्याच वेळी कमकुवत वाटणारे शॉर्ट करायचे, म्हणजे बाजार पडला तर दुसरी बाजू थोडं सावरून घेते. प्रेमचंद यांच्याकडे दुसरी बाजूच नव्हती. कापूस, शेअर, तारण, सगळं एकाच बातमीवर उभं होतं: युद्ध चालू आहे. माझ्या अ‍ॅपमध्येही चार पोझिशन होत्या, चारही बँक निफ्टी वर जाणार या भरवशावर. मी त्याला डायव्हर्सिफिकेशन समजत होतो!

बुडण्याआधी, १८६४ मध्ये, त्यांनी मुंबई विद्यापीठाला ग्रंथालयासाठी २ लाख आणि घड्याळाच्या मनोऱ्यासाठी आणखी २ लाख रुपये दिले होते. तो मनोरा, म्हणजे त्यांच्या आईच्या नावाचा राजाबाई टॉवर, १८७८ ला पुरा झाला. प्रेमचंद पुन्हा धंद्यात उभे राहिले, पण पूर्वीइतके मोठे झाले नाहीत. १८७५ ला दलालांची जी संघटना स्थापन झाली, तिच्या संस्थापकांत ते होते. तीच आजची बीएसई.

१९०६ ला ते वारले. त्याच वर्षी खान्देश जिल्ह्याचे दोन भाग झाले: पूर्व म्हणजे जळगावकडचा, पश्चिम म्हणजे आमचा धुळ्याकडचा.