कुमराम भीमनंतर गोंडांच्या गावात राहायला आलेला संशोधक

१९४० साली आदिलाबादच्या जंगलात निजामाच्या पोलिसांनी गोंड नेता कुमराम भीम यांना ठार केलं. गोंड पेटून का उठले, हे शोधायचं काम निजाम सरकारने एका परदेशी माणसाला दिलं. ख्रिस्तोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ.

१९०९ मध्ये व्हिएन्नात जन्मलेले हे मानववंशशास्त्रज्ञ. दुसरं महायुद्ध सुरू झालं तेव्हा ते भारतात होते आणि जर्मन पासपोर्टमुळे ब्रिटिशांच्या लेखी शत्रू ठरले. हैदराबाद संस्थानात त्यांना काम मिळालं. पत्नी बेटीसोबत ते मारलवाई या गोंड गावात राहिले.

बंडाचं मूळ सापडलं जमिनीत. गोंड पिढ्यान्‌पिढ्या जमीन कसत होते, पण कागद नव्हता. बाहेरचे लोक पट्टे नावावर करून घेत होते, वर सावकाराचं कर्ज.

हायमेनडॉर्फ अहवाल देऊन थांबले नाहीत. १९४३ मध्ये मारलवाईत गोंड शिक्षक घडवणारं केंद्र सुरू झालं, देवनागरीत गोंडी पुस्तकं आली. हजारो कुटुंबांना पट्टे मिळाले. धान्य बँका निघाल्या. पेरणीला बियाणं सावकाराऐवजी बँकेतून उचलायचं, सुगीला धान्यानेच फेडायचं. या कामात मराठी इतिहासकार सेतुमाधवराव पगडीही अधिकारी म्हणून होते.

१९७० च्या दशकात ते परतले, तेव्हा बरीच जमीन पुन्हा गोंडांच्या हातून गेली होती. तेही त्यांनी लिहून ठेवलं.

बेटी १९८७ मध्ये गेल्या, हायमेनडॉर्फ १९९५ मध्ये. दोघांच्या समाध्या आज मारलवाईतच शेजारी-शेजारी आहेत.