एका वाक्यासाठी बंदी

1941 साली आयर्लंडच्या सेन्सॉर मंडळाने 'द लँड ऑफ स्पायसेस' या कादंबरीवर बंदी घातली. कादंबरीचा परिसर मुलींच्या निवासी कॉन्व्हेंटचा आणि नायिका तिथली प्रौढ, अबोल, कर्तव्यकठोर मदर सुपीरियर. मंडळाचा आक्षेप होता तो केवळ एका वाक्याला. आपले विद्वान वडील आणि त्यांचा तरुण शिष्य यांच्यात प्रेमसंबंध आहेत, हे तारुण्याच्या उंबरठ्यावरील मुलीच्या अनपेक्षितपणे नजरेस पडते, एवढेच ते वाक्य सांगते. त्यात वर्णन नाही, तपशील नाही. तरीही आयर्लंडमध्ये या पुस्तकाची विक्री गुन्हा ठरली. जॉइसच्या 'युलिसिस'वर या मंडळाने कधीच अधिकृत बंदी घातली नव्हती, हे लक्षात घेतले म्हणजे या निर्णयाचा विक्षिप्तपणा अधिकच जाणवतो.

या कादंबरीच्या लेखिका केट ओब्रायन यांचा जन्म 3 डिसेंबर 1897 रोजी लिमरिक येथे झाला. वडील घोड्यांचे सधन व्यापारी. केट पाच वर्षांच्या असतानाच आई कर्करोगाने गेली आणि त्यांची रवानगी लॉरेल हिल या कॉन्व्हेंटमध्ये झाली. तिथे त्या सर्वांत लहान निवासी विद्यार्थिनी होत्या. मूळच्या फ्रेंच संघाच्या या शाळेत त्यांना शिस्त, भाषा आणि युरोपची ओढ मिळाली. पुढे त्यांची धर्मश्रद्धा गळून पडली, पण कॅथलिक मनाची घडण मात्र सुटली नाही. पाप, पश्चात्ताप, सदसद्विवेक हे शब्द त्यांच्या पात्रांच्या जिभेवर सहज येतात, ते त्यामुळेच.

डब्लिनमध्ये पदवी घेतल्यावर त्यांनी इंग्लंडमध्ये पत्रकारिता केली, शिकवण्याही केल्या. आयर्लंडचा स्वातंत्र्यलढा चालू असताना इमॉन डी व्हॅलेरा यांच्यासाठी अमेरिकेत निधी उभारण्याचे काम त्यांचे मेहुणे स्टीफन ओमारा पाहत होते. त्यांच्या मदतनीस म्हणून केट काही काळ वॉशिंग्टनला राहिल्या. पुढे त्यांच्या पुस्तकांवर बंदी आली, तेव्हा देशाचे सरकार याच डी व्हॅलेरांच्या हाती होते.

1922 मध्ये त्या स्पेनमध्ये बिल्बाओजवळच्या एका कुटुंबात मुलांची शिक्षिका म्हणून गेल्या. हे वास्तव्य थोड्याच महिन्यांचे, पण लेखिकेला ते जन्मभर पुरले. परतल्यावर 1923 मध्ये त्यांनी गुस्ताफ रेनिये या डच पत्रकाराशी विवाह केला. तो वर्षभरही टिकला नाही. त्यानंतर त्यांनी पुन्हा लग्न केले नाही. पुढचे आयुष्य प्रामुख्याने मैत्रिणींच्या सहवासात गेले. त्याविषयी त्यांनी जाहीरपणे फारसे काही सांगितले नाही आणि त्या काळात तशी अपेक्षा करणेही अन्यायाचे ठरेल.

1931 साली 'विदाउट माय क्लोक' ही पहिली कादंबरी आली. तिला हॉथॉर्नडन आणि जेम्स टेट ब्लॅक हे दोन्ही मानाचे पुरस्कार मिळाले. लिमरिकच्या व्यापारी मध्यमवर्गाचे हे चित्रण वाचकांना आवडले. मात्र त्यांची खरी ताकद 'द अँटी-रूम'मध्ये (1934) दिसते. 1880 सालचे अवघे तीन दिवस. वरच्या मजल्यावर आई मरणपंथाला लागलेली आणि खाली धाकटी मुलगी अ‍ॅग्नेस बहिणीच्या नवऱ्यावरील प्रेमाशी झुंजते आहे. तिला कोणी अडवलेले नाही. तिला अडवते ती तिची स्वतःची श्रद्धा आणि बहिणीवरील माया. प्रेम आणि सदसद्विवेक यांच्यातला हा झगडा हेच पुढे केट ओब्रायन यांच्या लेखनाचे सूत्र झाले.

दोन वर्षांनी आलेल्या 'मेरी लाव्हेल'ची नायिका स्पेनमध्ये शिक्षिका म्हणून जाते आणि घरातल्या विवाहित मुलाच्या प्रेमात पडते. त्याला सर्वस्व देण्याचा निर्णय ती पूर्ण भानावर राहून, स्वतः घेते. तिची सहकारी अगाथा कॉनलन हीदेखील मेरीवर जडलेले आपले प्रेम तिच्यापाशी उघड करते. मेरी घाबरत नाही, तिचा तिरस्कारही करत नाही. ही कादंबरी 1936 मध्येच बंदीच्या यादीत गेली. पुढच्या वर्षी आलेल्या 'फेअरवेल स्पेन'ने फ्रँकोच्या राजवटीचा रोष ओढवला आणि 1957 पर्यंत स्पेनचे दरवाजेही त्यांना बंद झाले. मायदेशात पुस्तके विकायची नाहीत आणि आवडत्या देशात पाऊल ठेवायचे नाही, अशी ही दुहेरी हद्दपारी होती.

'द लँड ऑफ स्पायसेस'मधले ते वाक्य काढले असते तर काय बिघडले असते, असे तेव्हा अनेकांना वाटले. पण ते काढले तर कादंबरीच उरत नाही. वडिलांचे ते रूप पाहून हेलन आर्चर जी हादरते, ती प्रेमाकडेच पाठ फिरवून मठात शिरते. तिची शिस्त, तिचा कोरडेपणा यांचे मूळ तिथे आहे. अनेक वर्षांनी तिला कळते की, आपण वडिलांचा न्याय करायला बसलो, ती आपली निष्ठुरता होती. ही क्षमा तिला बदलते आणि अ‍ॅना मर्फी या विद्यार्थिनीच्या शिक्षणासाठी ती ठामपणे उभी राहते. 1929 च्या कायद्याप्रमाणे पुस्तकाचा एकूण रोख पाहायचा होता. मंडळाने एकूण पुस्तक पाहिलेच नाही.

1942 च्या अखेरीस सर जॉन कीन यांनी आयर्लंडच्या सिनेटमध्ये मंडळाविरुद्ध ठराव आणला. त्यात या कादंबरीचाही प्रश्न होता. मंडळाचे अध्यक्ष विल्यम मॅगेनिस हे स्वतःच सिनेटर होते आणि त्यांनी मंडळाची बाजू लढवली. चर्चा कित्येक दिवस चालली आणि ठराव 34 विरुद्ध 2 मतांनी फेटाळला गेला. अपिलाची सोय 1946 च्या कायद्याने झाली. त्यानंतर 1949 मध्ये बंदी उठली.

इंग्लंडमध्ये मात्र त्यांचा वाचक वाढतच होता. 1945 च्या 'ब्रीफ एन्काउंटर' या चित्रपटातील गृहिणी वाचनालयातून जे नवे पुस्तक घेते, ते केट ओब्रायन यांचे. 1946 मध्ये 'दॅट लेडी' आली. सोळाव्या शतकातील आना दे मेंदोथा ही राजकुलीन विधवा आपल्या खासगी प्रेमाचा जाब राजाला द्यायचे नाकारते आणि कैद पत्करते. कादंबरी स्पेनच्या इतिहासाची असली तरी तिच्यातला राग विसाव्या शतकातला आहे. 1955 मध्ये तिच्यावर चित्रपट निघाला आणि ऑलिव्हिया द हॅविलँडने आनाची भूमिका केली.

1950 मध्ये त्यांनी कॉनमारातील राउंडस्टोन येथे घर घेतले. तिथल्या वास्तव्याच्या काळात प्रसिद्ध झालेल्या 'अ‍ॅज म्युझिक अँड स्प्लेंडर'मध्ये (1958) क्लेअर हाल्व्ही ही आयरिश गायिका एका स्पॅनिश गायिकेवर प्रेम करते आणि ते प्रेम पुरुषाच्या प्रेमाइतकेच मोलाचे आहे, असे शांतपणे मांडते. एका वाक्यावरून पूर्वी गदारोळ झाला होता. ही अख्खी कादंबरी मात्र बंदीवाचून सुटली.

पुढे खर्च झेपेना, तेव्हा घर विकून त्या इंग्लंडमध्ये केंट परगण्यात गेल्या. 13 ऑगस्ट 1974 रोजी त्यांचे निधन झाले. तोवर वाचक त्यांना विसरत चालले होते. जॉइस आणि बेकेट यांच्या प्रयोगशील लेखनापुढे त्यांची सरळ कथनशैली समीक्षकांना जुनाट वाटे. ग्रंथालयातून बायकांनी न्यायच्या कादंबऱ्या, अशी त्यांची बोळवण होई. 1980 च्या दशकात लंडनच्या व्हिरागो या स्त्रीवादी प्रकाशनाने त्यांची पुस्तके पुन्हा छापली आणि वाचन बदलू लागले. 1993 मध्ये इव्हर वॉल्श यांनी संपादित केलेल्या लेखसंग्रहात एमा डोनोह्यू यांनी अगाथा आणि क्लेअर यांच्याकडे नव्याने पाहिले. आयर्लंडमध्ये समलिंगी संबंध गुन्हा राहिले नाहीत, तेही त्याच वर्षी. वॉल्श यांनी लिहिलेले चरित्र 2006 मध्ये आले. अभ्यासकांचे आता एकमत झाले आहे, असे मात्र नाही. कुणाला त्या बंडखोर वाटतात, तर कुणाला कॉन्व्हेंटच्या भिंतींवर मनापासून प्रेम करणाऱ्या परंपरानिष्ठ. लिमरिकमध्ये त्यांच्या नावाने भरू लागलेल्या साहित्यमेळाव्यात दोन्ही पक्षांना जागा मिळाली.