वडगावचे विजेते पाटीलबाबा महादजी शिंदे

मावळ तालुक्यातील वडगाव हे गाव आपल्या सभासद कुटुंबांपैकी बहुतेकांस कचेरीच्या कामामुळे परिचित आहे. सातबाराचा उतारा घ्यावा, दुपारच्या गाडीने लोणावळ्यास परतावे, एवढाच आपला त्या गावाशी संबंध उरला आहे. परंतु १७७९ च्या जानेवारीत याच गावी इंग्रजांच्या मुंबईकर फौजेस शरणागतीचा तह लिहून द्यावा लागला, आणि तो लिहून घेणाऱ्यांत प्रमुख होते महादजी शिंदे. पुढे पंधरा वर्षांत या पुरुषाने दिल्लीपर्यंत आपला अंमल बसविला. त्यांचे चरित्र मावळातील मुलांना तरी पुरते ठाऊक असावे, या हेतूने हा लेख लिहिला आहे.

शिंदे हे सातारा प्रांतातील कण्हेरखेडचे पाटील. महादजींचे वडील राणोजी हे बाजीराव पेशव्यांच्या हाताखाली पुढे आले आणि माळव्यात सरदार झाले. महादजी हे त्यांचे धाकटे पुत्र. वडील बंधू हयात असता त्यांच्या वाट्यास सरदारी येण्याचा संभव नव्हता. पण काळाने त्या घरावर असा घाला घातला की, एकामागून एक सारे कर्ते पुरुष नाहीसे झाले. १७५५ मध्ये नागोर येथे जयाप्पांचा दग्याने वध झाला. १० जानेवारी १७६० रोजी बुराडी घाटावर दत्ताजी पडले. त्यानंतर वर्षभराने पानिपतावर तुकोजी कामी आले आणि जयाप्पांचे तरुण पुत्र जनकोजी शत्रूच्या हाती सापडून मारले गेले.

महादजीही त्या रणांगणावर होते. एका अफगाण स्वाराने त्यांचा पाठलाग करून पायावर घाव घातला, वस्त्रालंकार काढून घेतले आणि मेला असे समजून तो निघून गेला. राणेखान नावाच्या भिस्त्याने त्यांस आपल्या बैलावर घालून दक्षिणेस पोहोचविले. पाय कायमचा अधू झाला. महादजींनी राणेखानास जन्मभर भाऊ मानले, त्यास सेनापतीच्या योग्यतेस चढविले; आणि पखाल वाहणाऱ्या या मनुष्याच्याच हाताखालील फौजेने १७८८ मध्ये दिल्ली परत घेतली. उपकारकर्त्यास इनाम देणारे धनी पुष्कळ असतात. त्याच्या हाती फौज सोपविणारे थोडेच.

सरदारी मिळण्यासही सात वर्षे लागली. भाऊबंदांचे दावे होते, राघोबादादांचे मन दुसरीकडे होते. अखेर थोरल्या माधवराव पेशव्यांच्या कारकीर्दीत, १७६८ मध्ये, त्यांचा हक्क मान्य झाला. तीन वर्षांत मराठी फौजा पुन्हा दिल्लीत शिरल्या आणि जानेवारी १७७२ मध्ये शहा आलम बादशहास त्याच्या तख्तावर आणून बसविण्यात आले. पानिपतानंतर अवघ्या अकरा वर्षांत हे घडले.

आता वडगावाविषयी. नारायणरावांच्या खुनानंतर राघोबादादा इंग्रजांच्या आश्रयास गेले. त्यांस पुण्याच्या गादीवर बसविण्यासाठी मुंबईहून सुमारे चार हजारांची फौज १७७८ च्या अखेरीस बोरघाट चढून खंडाळ्यास आली. बरोबर ओझ्याचे बैलच एकोणीस हजारांवर होते! खंडाळ्यापासून कार्ल्यापर्यंतचे आठ मैल चालून येण्यास या लवाजम्यास अकरा दिवस लागले. महादजी, तुकोजी होळकर व हरिपंत फडके यांनी समोरासमोर मोठी लढाई दिलीच नाही. मराठी स्वार दोन्ही अंगांनी घिरट्या घालीत, रसद मारीत आणि मागे सरत. भिवराव पानशांच्या तोफा संधी मिळेल तेथे मारा करीत. ४ जानेवारीस कार्ल्याजवळ कॅप्टन स्टुअर्ट गोळा लागून ठार झाला. त्याचे शौर्य पाहून मराठ्यांनीच त्यास इष्टुर फाकडा हे नाव दिले होते, आणि ते नाव आजही मावळात टिकून आहे. शत्रूचे असे नाव राखणारा हा आपला प्रदेश आहे, याचा आम्हांस अभिमान वाटतो.

इंग्रज ९ जानेवारीस तळेगावास पोहोचले तो गाव ओस, दाणावैरण जाळून टाकलेली. पुणे नऊ कोसांवर असता त्यांचा धीर सुटला. ११ तारखेच्या रात्री जड तोफा तळ्यात लोटून, सामानास आग लावून ते गुपचूप मागे फिरले. पहाटेपूर्वीच मराठ्यांनी त्यांस गाठले आणि वडगावात कोंडले. तहात इंग्रजांनी साष्टी व १७७३ पासून घेतलेला सर्व मुलूख परत देण्याचे कबूल केले, ओलीस म्हणून दोन अधिकारी दिले. राघोबादादा महादजींच्या स्वाधीन झाले.

त्यानंतर इंग्रज फौजेस मुंबईस जाऊ देण्यात आले. कलकत्त्याच्या हेस्टिंग्जने तह नाकारला आणि राघोबादादाही निसटले. त्या फौजेचा तेथेच निकाल लावावयास हवा होता, असा आक्षेप महादजींवर घेतला जातो; आमच्या वर्गातील मुलेही दरवर्षी हाच प्रश्न विचारीत. शरण आलेल्यास मारू नये, हे उत्तर पुरेसे नाही. कर्नल गॉडर्डची दुसरी इंग्रज फौज त्याच वेळी बंगालकडून चालून येत होती; वडगावात कत्तल झाली असती तरी ती थांबली नसती. मात्र ओलीस आणि सही यांवर जितका विश्वास टाकला गेला तितका टाकावयास नको होता, हेही कबूल केले पाहिजे.

या चुकीची किंमत महादजींनी लगेच भरली. ऑगस्ट १७८० मध्ये पॉपहॅमने रात्री शिड्या लावून ग्वाल्हेरचा किल्ला घेतला. पुढच्याच वर्षी कॅमॅकने त्यांच्या छावणीवर रात्री छापा घातला. तरीही १७ मे १७८२ रोजी सालबाई येथे तह झाला तो महादजींच्याच मध्यस्थीने व जामिनकीने. साष्टी मात्र इंग्रजांकडेच राहिली.

शत्रूची कवायती पायदळे पाहून त्यांनी धडा घेतला तो खरा मोलाचा. १७८४ मध्ये सॅव्हॉय प्रांताच्या द बॉइन या सरदारास नोकरीस ठेवून त्यांनी दोन पलटणी उभ्या केल्या. आग्र्यास तोफा ओतण्याचा कारखाना काढला. त्याच वर्षी बादशहाने पेशव्यांस वकील-इ-मुतलक हे पद देऊन महादजींस त्यांचे नायब नेमले. १७८७ मध्ये लालसोटला बादशाही पलटणी शत्रूस मिळाल्याने माघार घ्यावी लागली. पुढच्या वर्षी गुलाम कादराने बादशहाचे डोळे काढले. महादजींच्या फौजेने त्या दुष्टास पकडून देहान्त शासन केले आणि अंध बादशहास पुन्हा गादीवर बसविले. १७९० मध्ये पाटण व मेडता येथील विजयांनी राजपुतान्यातही दरारा बसला.

पंजाबच्या महाराजा रणजितसिंहांची आठवण येथे सहज होते. महादजींनी १७८५ मध्ये शीख सरदारांशी करार केला तेव्हा रणजितसिंह अवघे चार वर्षांचे होते. एकाचा डोळा देवीच्या रोगाने गेलेला, दुसऱ्याचा पाय रणांगणावरील घावाने. दोघांनीही युरोपियनांकडून पलटणी तयार करविल्या. मात्र रणजितसिंहांनी स्वतःचे राज्य उभारिले. महादजी अखेरपर्यंत बादशहाच्या व पेशव्यांच्या नावाने कारभार करीत राहिले आणि स्वतःस पाटील म्हणवीत. यात नम्रता किती व धोरण किती, हे ज्याने त्याने ठरवावे. आमच्या मते दोन्ही होते.

जून १७९२ मध्ये महादजी पुण्यास आले आणि मोठ्या दरबारात सवाई माधवरावांस बादशाही वस्त्रे अर्पण केली. नाना फडणीसांच्या मनातील संशय मात्र गेला नाही. उत्तरेत होळकरांशी तंटा विकोपास जाऊन १ जून १७९३ रोजी लाखेरीस शिंद्यांच्या पलटणींनी होळकरांचा पराभव केला. कार्ल्याच्या रानात खांद्यास खांदा लावून लढलेली ती दोन घराणी! एवढ्या घालमेलीतही महादजी भजन करीत, पदे रचीत आणि बीडच्या मन्सूरशहा फकिरावर श्रद्धा ठेवीत. १२ फेब्रुवारी १७९४ रोजी वानवडीच्या छावणीत त्यांचे देहावसान झाले. तेथील छत्री पुण्यास जाणाऱ्यांनी अवश्य पाहावी.

त्यांस औरस पुत्र नव्हता. भावाचे नातू दौलतराव कोवळ्या वयात गादीवर आले. पुढच्याच वर्षी द बॉइन नोकरी सोडून गेला. सप्टेंबर १८०३ मध्ये असईस वेलस्लीने आणि दिल्लीजवळ लेकने शिंद्यांच्या पलटणी मोडल्या, आणि महादजींनी गादीवर बसविलेला तो अंध बादशहा इंग्रजांच्या स्वाधीन झाला.