दैवतांची ठाणी आणि इतिहासाच्या वाटा : दामोदर धर्मानंद कोसंबी

दामोदर धर्मानंद कोसंबी (१९०७-१९६६) यांचे चरित्र पाहताना एक विसंगती प्रथम जाणवते. ईश्वरावर श्रद्धा नसलेल्या या मार्क्सवादी गणितज्ञाने शेंदूर फासलेल्या दगडांचा शोध घेण्यात आयुष्याची बरीच वर्षे वेचली.

गोव्यात जन्मलेले कोसंबी १९२९ मध्ये हार्वर्ड विद्यापीठाचे पदवीधर होऊन परतले. वडील धर्मानंद हे बौद्ध विद्येचे पंडित. मुलाने गणिताबरोबर संस्कृत ग्रंथसंपादनही केले. भर्तृहरीच्या सुभाषितांची १९४८ मधील चिकित्सक आवृत्ती याची साक्ष देते. परंतु केवळ पोथ्यांतून समाजाचा इतिहास हाती लागत नाही, अशी त्यांची धारणा होती. म्हणून त्यांनी पुणे परिसरातील डोंगरवाटा पायी तुडवल्या. म्हसोबा, बोल्हाई, तुकाई यांची ठाणी गावाबाहेर, जुन्या वाटांच्या कडेला का असावीत, हा त्यांचा प्रश्न होता. अशा जागी सापडणाऱ्या सूक्ष्म अश्मास्त्रांवरून, ही स्थाने गावे वसण्यापूर्वीच्या भटक्या समूहांच्या भेटीची असावीत, असे अनुमान त्यांनी मांडले. मातृदेवतेचा पुरुषदेवाशी लागणारा विवाह त्यांना दोन समूहांच्या मिलनाची खूण वाटला. पंढरीच्या वारीमागेही त्यांना प्राचीन ऋतुनिष्ठ स्थलांतराचा माग दिसला. हे विवेचन १९६२ च्या ‘मिथ अँड रिॲलिटी’ या ग्रंथात संकलित झाले.

अश्मयुगापासून आजच्या पूजेपर्यंतचे सातत्य केवळ स्थानसाम्यावरून सिद्ध होत नाही, हा आक्षेप रास्त आहे. तथापि दैवत, वाट, भूमी आणि उपजीविका एकत्र वाचण्याची कोसंबींची दृष्टी त्यामुळे बाद ठरत नाही. ओवी वा स्थलमाहात्म्य अभ्यासणाऱ्याने ग्रंथालयातून उठून त्या ठाण्यापर्यंत चालत गेले पाहिजे, हेच त्यांच्या आयुष्याचे सांगणे आहे.